अट चौथी: जाऊन ये

जामिनाचा हुकूम हातात पडला की शहाणा माणूस आधी सही बघतो, मग शिक्का बघतो आणि कोणाचं मन बदलायच्या आत घरचा रस्ता धरतो. वेलांटीकाकांनी कोर्टाच्या पायरीवरच बूड टेकलं, खिशातून लाल पेन्सिल काढली आणि हुकूम पहिल्या ओळीपासून वाचायला घेतला.

"भावजी, दोन रात्री आत काढल्यात. घरी चला, आंघोळ करा, मग वाचा," मेहुणा म्हणाला.

"एक मिनिट. 'अर्जदार' एकदा बरोबर आहे, एकदा 'अजर्दार' आणि एकदा 'आर्जदार'. एका पानात एक माणूस तीन वेळा बदललाय."

काका चौतीस वर्षं छापखान्यात मुद्रितशोधक होते. लोकांनी छापायला दिलेला मजकूर आधी वाचायचा आणि चुकलेल्या काना-मात्रा-वेलांट्यांसमोर समासात लाल खूण करायची, हे काम. निवृत्त होऊन तीन वर्षं झाली तरी हाताला निवृत्ती नव्हती. औषधाच्या बाटलीवरची चिठ्ठी, विजेच्या बिलामागच्या सूचना, शेजाऱ्यांनी पाठवलेली शोकपत्रं, काहीही तावडीतून सुटत नसे. इमारतीतले लोक त्यांना वेलांटीकाका म्हणत. हे नाव प्रेमाने पडलंय असा समज फक्त काकांचा होता.

आत जायचं कारणही हेच. इमारतीच्या फाटकावर सोसायटीच्या चेअरमनसाहेबांनी स्वतः उभं राहून 'येथे वहाने लावु नयेत' अशी पाटी रंगवून घेतली होती. काकांनी दुरुस्तीसाठी तीन लेखी अर्ज दिले. उत्तर आलं नाही. चौथ्यांदा ते अर्ज न देता शिडी, रंगाचा डबा आणि रंग खरवडायची लोखंडी पट्टी घेऊन गेले. 'लावु'चा उकार अर्धा निघाला तेवढ्यात पाटीचा हूक निसटला आणि खाली उभं राहून ओरडणाऱ्या चेअरमनसाहेबांच्या उजव्या पायावर पाटी पडली. दोन बोटं मोडली. फिर्यादीत लिहिलं गेलं की आरोपी धारदार लोखंडी हत्यार घेऊन उंचावर दबा धरून बसला होता. हत्यार आणि गंभीर दुखापत हे दोन शब्द शेजारी आले म्हटल्यावर ठाण्यातून परस्पर सुटायची सोय उरली नाही. फिर्यादीत 'गंभिर' लिहिलं होतं याबद्दल काकांनी तिथेही तोंड उघडलं, आणि त्याने काही फायदा झाला असं नाही.

तर हुकूम. खालच्या कोर्टाचे न्यायाधीश सुधारक वृत्तीचे. माणसाला नुसतं सोडायचं म्हणजे एक संधी वाया घालवायची, असं त्यांना वाटत असावं. म्हणून जामिनाला चार अटी होत्या. पहिली: रोज सकाळी अकरा वाजता ठाण्यात हजेरी. दुसरी: मोबाइल चोवीस तास चालू ठेवून आपण कुठे आहोत ते नकाशावर ठाण्याला सतत दिसत राहील असं करणं. तिसरी: समाजाप्रती जाणीव म्हणून राहत्या इमारतीचा जिना महिनाभर रोज स्वतः झाडणं. चौथीपाशी पेन्सिल थांबली.

'अर्जदाराने फिर्यादीच्या घरी जाऊन ये व त्याच्याशी बोलून ये.'

काकांनी चष्मा पुसून पुन्हा वाचलं. कोर्टाला म्हणायचं होतं 'जाऊ नये' आणि 'बोलू नये'. दोन शब्दांमधली रिकामी जागा एक अक्षर पुढे सरकली होती. तेवढ्याने 'न' मागच्या घरात राहायला गेला आणि मनाईचं आमंत्रण झालं.

त्यांची वकीलबाई तरुण होती, तीन खटल्यांच्या फायली एका काखेत घेऊन चालायची. तिने कागद उभ्या उभ्या पाहिला.

"काका, कोर्टाला काय म्हणायचंय ते कोणालाही कळेल. जाऊ नका, बोलू नका, संपलं."

"पण लिहिलंय वेगळं."

"ते मी दुरुस्त करून घेते. आणि बाकीच्या अटींचंही बघते, त्या मला फार झाल्यासारख्या वाटतायत. तोवर एकही अट मोडायची नाही. एक मोडली की चेअरमन जामीन रद्द करा म्हणून अर्ज घेऊन धावतील आणि तुम्ही परत आत."

'परत आत' हे दोन शब्द ऐकून काकांनी पेन्सिल खिशात ठेवली. कोठडीत दिवा विझत नाही आणि दाराला आतून कडी नसते. भिंतीवर कोणीतरी नखाने 'आइ' असं कोरलं होतं. काका दोन रात्री त्या 'आइ'समोर बसून होते आणि तिला दीर्घ करावं असं त्यांना एकदाही वाटलं नव्हतं. ते किती घाबरले होते ते यावरून समजून घ्यावं.

दुसऱ्या दिवशी, मंगळवारी, अकराला दहा कमी असताना ते ठाण्यात हजर झाले. हवालदार अंगाने भरलेले, स्वभावाने शांत, चष्मा कायम कपाळावर. त्यांच्यापुढे नव्या साहेबांनी सुरू केलेला 'अटपालन तक्ता' होता. डावीकडे अट, उजवीकडे दोन रकाने: 'पालन केले' आणि 'भंग केला'. तिसरा रकाना नव्हता.

"हजेरी, केलं. मोबाइल, केलं. जिना?"

"झाडला."

"केलं. चौथी. फिर्यादीच्या घरी जाऊन आलात?"

"हवालदारसाहेब, ती टंकलेखनाची चूक आहे. 'जाऊ नये' आहे ते."

हवालदारांनी चष्मा कपाळावरून नाकावर उतरवला, ओळीवर बोट ठेवलं. "इथे 'जाऊन ये' आहे."

"अहो, अर्थ बघा ना. कोर्ट आरोपीला फिर्यादीच्या घरी कशाला पाठवेल?"

"माफी मागायला पाठवेल. समेट करायला पाठवेल. तुम्हाला जिना झाडायला लावणारं कोर्ट कुठेही पाठवेल."

काका व्याकरणावर आले. "तसं असतं तर 'अर्जदाराने जाऊन यावे' असं हवं. 'अर्जदाराने ये' असं होत नाही."

"काका, मी अर्थ लावत नाही. अर्थ लावल्यामुळे माझी दोनदा बदली झालीय. कागदावर आहे ते केलं तर केलं, नाही केलं तर भंग. शनिवारी दुपारी तक्ता साहेबांच्या टेबलावर जातो. तोवर रकाना रिकामा ठेवतो, एवढंच माझ्या हातात." आणि चष्मा पुन्हा कपाळावर गेला.

म्हणजे हिशेब असा झाला. चेअरमनकडे गेले तर कोर्टाला जे म्हणायचं होतं ते मोडतं. नाही गेले तर कोर्टाने जे म्हटलंय ते मोडतं. दोन्ही रस्ते त्याच दिव्याखाली, त्याच भिंतीसमोर जात होते.

जिन्याचं दुःख वेगळंच. काका खालून वर झाडत गेले. जिना झाडणाऱ्या मावशी दहा वर्षांपासून येत होत्या, त्या महिनाभर बिनकामाच्या झाल्या म्हणून पहिल्या मजल्याच्या पायरीवर बसून बघत होत्या.

"काका, वरून खाली झाडतात. तुम्ही सगळा कचरा गच्चीवर चढवताय."

"मला माहीत आहे."

"माहीत असतं तर केलं नसतं. आणि महिना झाल्यावर सोसायटीवाले मला परत बोलावतील ना? की तुम्हालाच ठेवतील?"

इमारतीतल्या लोकांनी दोन दिवस ओशाळून पाय बाजूला घेतले. तिसऱ्या दिवसापासून सरावले. तळमजल्यावरचे निवृत्त बँकवाले, ज्यांच्या वर्तमानपत्रातल्या पत्रांची काका फुकट तपासणी करत, ते चहाचा कप हातात घेऊन म्हणाले, "काका, कोपरा राहिला." दुसऱ्या मजल्यावरच्या एका बाईंनी आपल्या दारापुढची पायपुसणी झटकण्यासाठी बाहेर ठेवली. खटला अजून सुरू व्हायचा होता, आरोप वाचून दाखवायचा होता, आणि काका शिक्षा भोगत होते. चौतीस वर्षांत कोणत्याही पुस्तकाचं शुद्धिपत्र पुस्तकाआधी छापल्याचं त्यांना आठवेना.

बुधवारी संध्याकाळी जेवताना हवालदारांचा फोन आला.

"काका, तुम्ही फिर्यादीच्या घरात काय करताय?"

काकांनी हातातला घास परत ताटात ठेवला. "मी माझ्या घरात जेवतोय."

"नकाशावर ठिपका फिर्यादीच्या घरावर आहे."

"ते तिसऱ्या मजल्यावर राहतात, मी दुसऱ्या. बरोबर त्यांच्याखाली."

"नकाशात मजले नसतात. आणि कालपासून तिथेच आहे ठिपका. रात्रभर."

"मग निदान चौथ्या अटीपुढे 'केलं' तरी लिहा."

"तसं कसं? ठिपका गेला, तुम्ही नाही."

त्या दिवसापासून काका आपल्याच घरात चोरासारखे वावरू लागले. पलंग खिडकीकडे सरकवला. ठिपका अर्ध्या बोटाने हलला आणि पुन्हा चेअरमनच्या दिवाणखान्यात जाऊन बसला. काकू हे सगळं बघत होत्या.

"अहो, तुम्ही मोरीत गेलात तरी ठाण्याला कळतं?"

"कळतं."

"किती वेळ बसलात तेही?"

त्या संध्याकाळपासून काका मोरीत मोबाइल नेताना त्याला टॉवेलात गुंडाळू लागले. त्याने ठिपक्याला काही फरक पडत नव्हता. काकांना पडत होता.

गुरुवारी ते हजेरी लावून थेट कोर्टात गेले. चूक जिथे झाली तिथेच सुधारावी, हा छापखान्याचा नियम. टंकलेखन करणाऱ्या बाई खिडकीत होत्या. त्यांनी कागद पाहिला आणि त्यांचा चेहरा उतरला, त्या अर्थी बाई प्रामाणिक होत्या.

"या यंत्रावरची जागा सोडायची पट्टी अडकते. मी दाबते तेव्हा जागा पडत नाही, पुढच्या अक्षरानंतर पडते. बाकी ठिकाणी शब्द वेडावाकडा दिसला की मी सुधारते. पण 'जाऊन ये' हे बरोबरच दिसलं हो."

काकांच्या मनात त्यांच्याबद्दल एकदम आदर दाटून आला. सगळ्यात वाईट चूक तीच, जी शुद्ध दिसते. त्यांच्या उमेदवारीत एका पुस्तकात 'वैद्य' ऐवजी 'वैध' छापून गेलं होतं आणि पाच आवृत्त्या कोणी हुं की चूं केलं नव्हतं. ही हकीकत त्यांनी बाईंना सविस्तर सांगितली.

"मग दुरुस्त करून द्याल?"

"मी कशी करणार? सही झालेला हुकूम आहे. साहेबांनीच करायला पाहिजे आणि साहेब प्रशिक्षणाला गेलेत महिनाअखेरपर्यंत. पण तुम्ही अर्ज ठेवून जा, मी रोज वरच्या कारकुनाला आठवण करते."

इथे गप्प बसून अर्ज लिहिणारा माणूस सुखात राहिला असता. काकांनी पेन्सिल काढली. "आता उघडलाच आहे तर, यात आणखी अकरा आहेत. हे बघा, 'अजर्दार'..." पाचव्या चुकीपाशी खिडकी बंद झाली. जेवणाची सुट्टी संपल्यावरही ती उघडली नाही.

त्या संध्याकाळी जिन्यात सल्ल्यांचं दुकान भरलं. आपल्या अंगावर येणार नाही अशा संकटात आपल्या लोकांइतकं शौर्य कोणात नसतं. बँकवाले म्हणाले, दोन साक्षीदार घेऊन जा, दोन्ही वेगवेगळ्या मजल्यांवरचे. पायपुसणीवाल्या बाई म्हणाल्या, आजारी पडा, दवाखान्यातल्या माणसाला कोण आत टाकतं. मावशी म्हणाल्या, मी जाऊन येते, मला तसंही काम नाही. शेवटी मेहुण्याने निकाल दिला. टीव्हीवरचे कज्जे बघून बघून त्याची बुद्धी या विषयात तल्लख झाली होती.

"भावजी, 'जाऊन ये' म्हणजे काय? गेलं, आलं. आत जा असं कुठे म्हटलंय? झाडू घेऊन वर जा, उंबऱ्याला हात लावा, परत या. तुम्ही झाडायला तिथे जाताच की. हवालदार खूश. बोलायचं नाही, म्हणजे चेअरमनलाही बोट ठेवायला जागा नाही."

"वकीलबाई जाऊ नको म्हणालीय."

"तिच्या तक्त्यात दोन रकाने नाहीयेत."

शुक्रवारी सकाळी काका झाडत झाडत तिसऱ्या मजल्यावर गेले. चेअरमनचं दार बंद होतं. त्यांनी इकडेतिकडे पाहिलं, वाकून उंबऱ्याला दोन बोटं लावली आणि देवळातून निघावं तसे पाठ न दाखवता खाली आले. पहिल्या मजल्यावर ते कठड्याला धरून थांबले.

"गेलो होतो," अकरा वाजता ते म्हणाले.

"बोलून आलात?"

"नाही."

"अर्धी अट म्हणजे भंगच," हवालदार म्हणाले, पण त्यांच्या आवाजात वाईट वाटल्यासारखं काहीतरी होतं. "उद्या शनिवार, काका."

शनिवारी साडेनऊला काकांनी चेअरमनच्या दाराची बेल दाबली. अख्ख्या रात्रीत त्यांनी एक वाक्य तयार केलं होतं. त्यात विनवणी नव्हती, धमकी नव्हती, खटल्याचा उल्लेख नव्हता. दार उघडलं. चेअरमन कुबडीवर, पायाला प्लास्टर. त्या पायाकडे बघून काकांना मनापासून वाईट वाटलं, पण वाईट वाटल्याचं वाक्य तयार केलेलं नव्हतं.

"नमस्कार. मी आलो होतो, आता जातो."

चेअरमनच्या दुसऱ्या हातात मोबाइल होता आणि तो काकांच्या चेहऱ्यासमोर धरलेला होता. "वा. काल उंबरा चाचपून गेलात, दाराच्या भोकातून दिसतं मला. आज थेट बेल. पुन्हा एकदा बोला, आवाज नीट आला नाही."

काका पुन्हा बोलले. सभ्य माणसाला कोणी पुन्हा सांगा म्हटलं की तो सांगतो. एवढ्यानेच कितीतरी सभ्य माणसं बुडाली आहेत.

अकरा वाजता हवालदारांनी चौथ्या अटीपुढे 'पालन केले' लिहिलं आणि खाली रेघ मारली. सोमवारी दुपारी वकीलबाईचा फोन आला. चेअरमनने वरच्या कोर्टात जामीन रद्द करण्याचा अर्ज दिला होता. आरोपी रात्रंदिवस फिर्यादीच्या घरात, याला ठाण्याच्या नकाशाचा पुरावा. आरोपी साक्षीदारावर दबाव आणायला दारात, याला चित्रफितीचा पुरावा.

"मी जाऊ नका म्हटलं होतं, काका."

"तक्त्यात दोनच रकाने होते."

ती म्हणाली, "मीही अटींविरुद्धचा आपला अर्ज वरच्याच कोर्टात लावते. दोन्ही एकत्र ऐकतील. शुक्रवारी. आणि काका, कपडे घेऊन या."

"कसले कपडे?"

"लागले तर."

शुक्रवारी काकूंच्या खांद्याला एक फुगलेली कापडी पिशवी होती. त्यात काय आहे ते काकांनी विचारलं नाही. कोर्टाबाहेरच्या बाकावर मेहुणा कानाशी लागला, "न्यायाधीशांनी विचारलं की चूक दिसली होती का, तर सरळ सांगा, दिसलीच नाही. वाचलं, खरं वाटलं, गेलो. भोळा माणूस. खेळ खलास."

काकांनी वकीलबाईकडे पाहिलं. ती म्हणाली, "खोटं बोला असं मी सांगणार नाही. पण सगळं खरं एकदम सांगायची घाईही करू नका. विचारलं तेवढंच."

वरच्या कोर्टातल्या न्यायाधीश वयस्कर बाई होत्या, आवाज लहान, त्यामुळे सगळ्यांना गप्प बसावंच लागे. सरकारी वकिलांनी नकाशा दाखवला. काका आणि चेअरमन एकाच ठिपक्यात नांदत होते. मग चित्रफीत लावली. 'नमस्कार. मी आलो होतो, आता जातो,' असं काका कोर्टात दोनदा म्हणाले आणि दोन्ही वेळा ते स्वतःलाच गुन्हेगार वाटले.

वकीलबाई उठली. जामीन म्हणजे उपकार नव्हे आणि खटल्याआधीची शिक्षाही नव्हे, इथून तिने सुरुवात केली. बाईसाहेबांनी हात वर केला.

"मला ठाऊक आहे. जामिनाला अट कशासाठी घालायची? माणूस तारखेला हजर राहावा. साक्षीदारांना त्याने हात लावू नये. तपासात आडवं येऊ नये. या तीन खुंट्या. अट यातल्या एका खुंटीला टांगता आली पाहिजे. जिना कोणत्या खुंटीला टांगायचा, सरकारी वकील?"

सरकारी वकिलांनी कागद चाळले. "समाजाप्रती जाणीव, बाईसाहेब."

"जाणीव दोष सिद्ध झाल्यावर द्या. आज हा गृहस्थ निर्दोष धरायचा आहे, निर्दोष माणसाच्या हातात झाडू देणारी मी कोण? आणि हा मोबाइल. माणूस कुठे झोपतो, कुठे बसतो, मोरीत किती वेळ असतो, हे पोलिसांनी अष्टौप्रहर बघायचं, यासाठी जामीन नसतो. हे म्हणजे कोठडीच खिशात घालून घरी पाठवणं झालं."

मागच्या बाकावर काकूंनी पिशवीचा बंद सैल केला. पण सरकारी वकील बसले नव्हते.

"त्या अटी जाऊ देत. चौथी अट तर योग्यच आहे ना? साक्षीदारापासून लांब राहणे. हे गृहस्थ म्हणतील की कागदावर चूक होती. बाईसाहेब, हे चौतीस वर्षं मुद्रितशोधक होते. यांना ही चूक दिसली नाही? दिसली असेल तर मनाई आहे हे समजून-उमजून फिर्यादीच्या दारात गेले, आणि जामीन रद्द व्हायला हवा. दिसली नसेल तर तसं त्यांनी सांगावं."

बाईसाहेब काकांकडे वळल्या. "उभे राहा. चूक दिसली होती?"

काका उभे राहिले. मेहुणा मान हलवत होता, नाही, नाही. हवालदार भिंतीकडेच्या बाकावर होते. त्यांना सगळं माहीत होतं, पण कोणी विचारल्याशिवाय ते बोलणाऱ्यातले नव्हते. एक शब्द. 'नाही' म्हटलं की जिना गेला, ठिपका गेला, ते घरी. काकांच्या डोळ्यांपुढे तो न विझणारा दिवा आला. त्यांनी 'नाही' म्हणायला तोंड उघडलंसुद्धा. पण त्या शब्दाला चौतीस वर्षं चिकटून बाहेर येत होती.

"दिसली होती," ते म्हणाले. "पहिल्याच वाचनात. कोर्टाच्या पायरीवर."

वकीलबाईने डोळे मिटले.

"मग गेलात कशाला?"

"बाईसाहेब, मुद्रितशोधक खूण करतो. बदलायचा अधिकार त्याचा नसतो. मजकूर ज्याचा, त्याची सही आल्याशिवाय एक अक्षर हलवायचं नाही. मी ठाण्यात सांगितलं, कोर्टाच्या खिडकीत सांगितलं. सही करणारे साहेब नव्हते. सही येईपर्यंत छापलंय तेच खरं धरायचं, ही आमची शिस्त."

"हवालदार, यांनी तुम्हाला सांगितलं होतं?"

हवालदार उठले. चष्मा नाकावर आला. "सांगितलं होतं. पहिल्या दिवशी. व्याकरणासकट. मीच म्हटलं, कागदावर आहे ते करा."

"आणि तुम्ही ही शिस्त," बाईसाहेब काकांना म्हणाल्या, "फाटकावरच्या पाटीच्या वेळी कुठे ठेवली होती?"

काकांचा चेहरा पडला. "तिथे मी..."

वकीलबाई मोठ्याने खोकली.

"ते खटल्यात सांगा," बाईसाहेब म्हणाल्या. "इथे नको."

मग त्यांनी खालच्या कोर्टाचा हुकूम पुन्हा पुढे ओढला. काकूंनी पिशवी मांडीवर घेतली होती आणि दोन्ही हातांनी धरली होती.

"अर्जदार मनाई समजून होता, हे त्याने स्वतः सांगितलं. पण लेखी हुकूम अक्षरशः पाळला म्हणून आपण माणसाला आत टाकायला लागलो, तर उद्यापासून आपला हुकूम कोण पाळेल? आणि अक्षर चुकलं ते कोर्टाचं. त्याची शिक्षा कोर्टाबाहेरच्याला नाही." त्यांनी लिहून घेणाऱ्याकडे पाहिलं. "घ्या. जामीन कायम. फिर्यादीचा अर्ज फेटाळला. हजेरी आठवड्यातून एकदा. अट दोन आणि तीन रद्द. अट चार दुरुस्त: जाऊ, मग जागा, मग नये. बोलू, मग जागा, मग नये. जागा पडली का ते बघून सांगा."

"पडली, बाईसाहेब."

ते बाहेर आले तेव्हा मेहुणा रागाने आधीच पुढे निघून गेला होता. वकीलबाई फायली सांभाळत म्हणाली, "एक 'नाही' म्हणाला असतात काका, तर माझं काळीज जागेवर राहिलं असतं," आणि पुढच्या दालनात पळाली.

बस यायला वेळ होता. काका थांब्याच्या बाकावर बसले. काकूंनी पिशवी त्यांच्या मांडीवर ठेवली. "धरा आता तुम्ही. खांदा गेला माझा. आणि त्यात गोळी आहे, सकाळची राहिलीय."

काकांनी पिशवीत हात घातला. दोन सदरे, टॉवेल, दाढीचं सामान, गोळ्यांची डबी. सगळ्यात खाली मऊ काहीतरी लागलं. त्यांनी ओढून बाहेर काढलं. काकूंची जाड शाल.

"ही कशाला? मला आत शाल कोण घेऊ देणार होतं?"

"तुमच्यासाठी नाहीये. माझी आहे. ठाण्याबाहेरच्या बाकावर वारा फार लागतो."

काका शाल हातात धरून बसून राहिले. "मागच्या वेळी तू घरी गेली नव्हतीस?"

"गेले होते की. दुसऱ्या दिवशी सकाळी," काकू म्हणाल्या. "तुमच्या गोळ्या आणायला."